पालथं म्हणजे उलटं नव्हे

मित्रांनो, पाठ निखळलेला, दोऱ्याने दोनदा पुन्हा शिवलेला, तरी वजनाला चांगला भारी असा मी एक जुना समानार्थी शब्दकोश आहे. एका शब्दाच्या शेजारी त्याची भावंडं बसवून ठेवायची, हे माझं काम. लोक त्यांना जुळी समजतात. अहो, सख्खी भावंडंसुद्धा एकमेकांचे कपडे घालून एकमेकांच्या कामावर जात नाहीत! हे मी जन्मापासून ओरडून सांगतोय, पण पुस्तकाचं ऐकतो कोण?

छापखान्यात माझी पानं दुमडली, शिवली, वर कापडी पुठ्ठा चढला. माझे पहिले मालक छापायच्या मजकुरातल्या चुका तपासायचे. ओठांवरचा शब्द निसटला की ते मला उघडत, सगळी रांग बोटाने वाचत, आणि बरेचदा स्वतःचाच पहिला शब्द कायम ठेवत. "तू होतास म्हणून खात्री झाली," म्हणत पुठ्ठ्यावर थाप मारत. ते गेल्यावर मी त्यांच्या मुलीच्या प्रसूतिगृहात आलो. ती तिथली मुख्य परिचारिका. सगळे तिला मावशी म्हणतात. तिला वाचायला वेळ कुठला! तिने माझ्यावर टेबलपंखा ठेवला. वर्षानुवर्षं त्याची घरघर मी डोक्यावर घेतली.

मग एके दिवशी, तिथल्याच कचेरीत काम करणारी तिची भाची धावत आली. बाळाला अंघोळ कशी घालायची याचा एक कागद घरी जाणाऱ्या आईबापांना देत असत. मजकूर होता दुसऱ्या दवाखान्याचा. तो वापरायला त्यांनी आता मनाई केली होती. नवा कागद लगेच हवा होता, कारण एक ट्रकचालक दुसऱ्याच दिवशी बायकोला आणि बाळाला घरी नेणार होता. बायकोला टाके होते, वाकायची बंदी होती, घरात तिसरं माणूस नव्हतं. अंघोळ त्यालाच घालावी लागणार होती, आणि तो तर बाळाला उचलून घ्यायलाही घाबरत होता.

भाचीने पंखा बाजूला ठेवला, माझी धूळ झटकली. मी हरखलो. पण बाईसाहेबांनी काय करावं? जुना कागद समोर घेतला, त्यातला एकेक शब्द उचलला आणि त्या जागी माझ्यातला त्याच्या शेजारचा बसवला. 'कोमट पाणी' झालं 'उष्ण जल'. 'मानेला आधार द्या' झालं 'ग्रीवेस आश्रय द्या'. 'पाणी सोडा' याचं तर चक्क 'जल त्यागा' झालं! मी पंख्याच्या वाऱ्यावर फडफडलो, भलतीच पानं पुढे केली. ती हटेना. "झालं बाई, त्यांचा एकही शब्द उरला नाही!" म्हणत तिने मला मिटलं.

मावशीची एक रीत होती. कुठलाही कागद छापण्याआधी तो चिंधीच्या बाहुलीवर तपासायचा. एकाने वाचायचं, दुसऱ्याने ऐकलं तेवढंच करायचं, बाकीच्यांनी तोंड उघडायचं नाही. या वेळी तिने बाहुली त्या ट्रकचालकाच्याच हातात दिली.

भाची वाचू लागली. 'उष्ण' ऐकून त्याने गरम पाण्याचा नळ पुरता सोडला. 'ग्रीवा' म्हणजे काय ते न कळून नुसता घामाघूम झाला. मग पाठ धुवायची ओळ आली. जुन्या कागदात होतं, 'पाठ धुताना बाळाला पालथं धरा.' भाचीने वाचलं, "पृष्ठ धुताना शिशूला उलटं धरा." त्या बिचाऱ्याने बाहुलीचे पाय पकडले आणि तिला डोकं खाली करून वाफाळत्या पाण्यावर लटकवलं.

"अहो, काय करताय!" त्याची बायको किंचाळली.

"कागदात तसंच आहे ना!" तो रडवेला झाला. "मला नाही जमायचं हे. माझ्या हातून पोर दगावेल."

"कोशात शेजारीशेजारीच होतं गं मावशी," भाची हळूच म्हणाली. सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. मला असा राग आला म्हणता! पालथं भांडं खुशाल उलटं म्हणा. बाळ म्हणजे भांडं आहे का?

मावशी रागावली नाही. "तो जुना कागद फाड आधी," ती म्हणाली. "माझे हात बघ आणि दिसेल ते लिही." भाची बघत होती, लिहीत होती, खोडत होती. मावशी दमली तरी भाची म्हणे, "अजून एकदा दाखव." पाणी, मान, आधार हे साधे शब्द परत आले, ते कुणा एका दवाखान्याचे नव्हतेच. आणि त्या ओळीच्या जागी आलं, 'बाळाची छाती तुमच्या हातावर टेकवा. तोंड हाताच्या बाहेर राहू द्या, म्हणजे नाक मोकळं राहील.'

सकाळी घरी निघण्याआधी त्या ट्रकचालकाने खऱ्या बाळाला अंघोळ घातली. बायको खाटेवरून कागद वाचत होती. बाळाने आधी भोकाड पसरलं, मग ते बापाच्या रुंद हातावर गप्प पडून राहिलं. "धरलंय बरं का, नीट धरलंय," तो पुटपुटत होता.

मित्रांनो, मी म्हातारा झालो तरी माझा हट्ट सोडणार नाही. अडीनडीला माझ्याकडे जरूर या. पण जे सांगायचंय ते आधी स्वतःच्या डोळ्यांनी बघून या, मग शब्द मागा. तुमच्या वाक्यावर विसंबून कुणीतरी बाळ हातात घेणार असतं.