शंभर पोळ्यांचा भाग

जागेश्वरनं टीव्हीचा आवाज निम्म्यावर आणला. रामदासपेठेतल्या डॉक्टरांनी सकाळीच कानात मशीन बसवून दिली होती. आता भिंती हादरवायची काय गरज?

"कमी काहून केला जी?" अनुसयेनं नवऱ्याच्या हातातून रिमोट ओढला. "राहू द्या वाढलेला."

"मले आता येते ना वं ऐकू," म्हणत त्यानं तो परत घेतला.

पॉवरलूमच्या खडखडाटात तीस वर्षं काढून त्याचे कान गेले होते. माणसांचे ओठ वाचायचं तो तिथंच शिकला. सून कामिनी घरात आली तेव्हा त्यानं मोठ्या ऐटीत सांगितलं होतं, "मले कान नाही लागत पोरी. तू नुसते ओठ हलव."

त्याची आवडती विनोदी मालिका चालू होती. मुलानं बायकोवर हात उचलला, म्हणून सासऱ्यानं त्याला शंभर पोळ्या लाटायला बसवलं होतं. प्रत्येक वाकड्या पोळीला हशा पिकत होता. हसवता हसवता बरोबर वर्मावर बोट ठेवतात लेकाचे! जागेश्वरच्या डोळ्यांत हसून पाणी आलं.

"सासरा असावा तं असा," तो म्हणाला.

अनुसया आतल्या खोलीच्या बंद दाराकडे पाहत होती.

हशा ओसरला आणि त्याला दारामागचा आवाज ऐकू आला. जितेंद्रचं, त्याच्या मुलाचं, दबकं गुरगुरणं. मग फटका. मग कामिनीचं तोंड दाबून कण्हणं. रोज आठ वाजता अनुसया टीव्ही का वाढवायची, ते त्याला आज कळलं.

त्यानं उठायला गुडघ्यांवर हात टेकले. दार चार पावलांवर होतं.

"बसा खाली," अनुसया म्हणाली. "तुमच्यावरही हात टाकीन तो."

जागेश्वर तसाच ओणवा राहिला. मग बसला. कानातली मशीन काढून त्यानं डबीत ठेवली.

थोड्या वेळानं कामिनी ताट घेऊन आली. एका हातानं तिनं पदर गालाशी धरला होता. ताट ठेवताना तिला त्याच्या मांडीजवळची डबी दिसली. तिनं सासऱ्याकडे पाहिलं आणि नुसते ओठ हलवले.

"ऐकू आलं ना, मामाजी?"

जागेश्वरनं कानाला बोट लावलं आणि नाही म्हणून मान हलवली.

कामिनी क्षणभर पाहत राहिली. मग तिनं त्याला पोळी वाढली आणि गालावरचा पदर सोडून दिला.