आधी इतिहास, मग व्हायोलिन

"रसिकहो, हा हॉल पूर्वी हॉल नव्हता," असं भाऊजी माईकवर म्हणाले, की विंगेत उभ्या असलेल्या व्हायोलिनवाल्या बाई गज पुन्हा पेटीत ठेवून खाली बसत.

भाऊजी म्हणजे माझे धाकटे दीर. आमच्या घराखालच्या या हॉलमध्ये दर शनिवारी संध्याकाळी गाणं-वाजवणं असतं. दिवे आणि माईक आमचे हे बघतात, निवेदन भाऊजींकडे. निवेदन म्हणजे कलाकाराचं नाव सांगायचं आणि बाजूला व्हायचं, एवढं साधं काम. पण भाऊजी आधी हॉलचा इतिहास सांगतात. सगळा.

"इथे आमचे वडील खोकी बनवायचे. लाकडी खोकी! काम थांबलं की क्लॅरिनेट काढायचे. ऐकायला कोण? समोरचा न्हावी. तो बिचारा उभ्यानं ऐकायचा. मग वडिलांनी त्याला एक खोकं उपडं करून दिलं. रसिकहो, आपल्या हॉलची ती पहिली खुर्ची!"

"आता दुसरं खोकं," दुसऱ्या रांगेतले निवृत्त पोस्टमास्तर शेजारच्या खुर्चीला सांगत. खुर्चीलाच, कारण तिच्यावर कुणी नसे.

"आणि मग दुसरं खोकं..."

खोक्यांची बाकडी व्हायची, बाकडी जाऊन खुर्च्या यायच्या, मधली भिंत पडायची. ती पडली की पाडली, यावर भाऊजींचं स्वतःशीही एकमत नव्हतं. मग नेमकं ड्रमवाल्याच्या डोक्यावर छत गळायचं. त्याच्यावर छत्री धरून बसलेल्या तरुणाचं पुढे त्याच ड्रमवाल्याच्या बहिणीशी लग्न व्हायचं. त्यांना मुलं व्हायची. ती मुलं हल्ली काय करतात, हेही आम्हाला कळायचं.

लोकांनी यावर तोड काढली होती. ते उशिरा येत. आणि दर वर्षी इतिहास लांबत चालला होता, तसे तेही आणखी उशिरा येत.

एका शनिवारी कार्यक्रम संपल्यावर बाईंनी मला जिन्यात गाठलं. "वहिनी, तारा लावून बसावं तर त्या उतरतात, हात गार पडतात, आणि इकडे छत गळतच असतं! पुढच्या वेळी मला वेळेवर वाजवू दिलं नाही, तर मी पेटी उचलून घरी जाईन. परत यायची नाही."

त्या थट्टा करणाऱ्यांतल्या नव्हत्या. आणि त्यांच्याच नावावर आमच्याकडे माणसं येत होती. गोडाऊनसाठी टाइल्सवाला दोनदा हॉल बघून गेला होता. 'बाईंनी पाठ फिरवली तर देऊन टाकू,' असं हे त्याला बोलूनही बसले होते.

"तूच सांग त्याला," हे मला म्हणाले. "तुझा आवाज मऊ आहे, त्याला लागायचं नाही."

"भाऊ तुमचा आहे."

"म्हणूनच. मी सांगितलं तर भांडण होईल."

"आणि मी सांगितलं तर?"

"तर तो तुला इतिहास सांगेल."

सकाळचा पोथीचा पाठ आटोपून मी खाली गेले. भाऊजी फडकं घेऊन खुर्च्या पुसत होते.

"भाऊजी, ते निवेदन जरा बघायला हवं."

"मीही तेच म्हणतो, वहिनी. न्हाव्याचा भाग फार घाईत उरकतो."

"तसं नाही. कमी करायला हवं."

"कोणतं?"

"सगळंच."

फडकं थांबलं. आता रागावणार, असं वाटलं. पण ते मटकन खाली बसले. "मला काय हौस आहे? घसा बसतो माझा. त्या ड्रमवाल्याच्या भाच्यांचा मला स्वतःला वीट आलाय."

मी बघतच राहिले. "मग सांगता कशाला?"

"खुर्च्या रिकाम्या असतात म्हणून! मला ना सूर, ना ताल. वडिलांनी एकच काम दिलं. म्हणाले, लोक बसेपर्यंत तू बोलत राहा. वाजवणाऱ्याला समोर रिकामी खुर्ची दिसता कामा नये, त्याचा हात गळतो. आता लोकच वेळेवर येत नाहीत, तर मी थांबू कुठे?"

"अहो, तुम्ही थांबत नाही म्हणून ते येत नाहीत!"

"छे. ते येत नाहीत म्हणून मी थांबत नाही."

मी मनातल्या मनात देवाचं नाव घेतलं. मोठ्यानं घेतलं असतं, तर ते नाव घेतल्यासारखं वाटलं नसतं.

"या शनिवारी फक्त नाव सांगायचं," मी म्हणाले. "नाहीतर बाई जाणार आहेत, भाऊजी. कायमच्या."

त्यांचा चेहरा उतरला. "आणि रिकामा हॉल दाखवल्यावर त्या राहतील?"

राहतील की नाही, कुणास ठाऊक. तरी मी "हो" म्हणून टाकलं.

शनिवारी भाऊजींनी बाईंचं नाव सांगितलं आणि तोंड मिटलं. हॉलमध्ये पोस्टमास्तर धरून मोजकी डोकी.

"न्हावी?" पोस्टमास्तरांनी विचारलं.

"आज नाही," मी म्हणाले.

"त्यांना बरं नाहीये का?"

बाई पुढे आल्या. मी पदर खोचला आणि धावत कोपऱ्यावरच्या चहाच्या दुकानात गेले. आमचा सगळा श्रोतृवर्ग तिथे निवांत चहा पीत होता.

"चला, सुरू होतंय."

"आत्ता कुठे बाकडी आली असतील, वहिनी," शिंपी म्हणाला. "छत गळायला लागलं की हाक मारा."

"आज इतिहास नाही."

"मागे भाऊजीही असंच म्हणाले होते. आज इतिहास नाही, फक्त प्रस्तावना. ती प्रस्तावना अजून अंगावर येते!"

मी कधी खोटं बोलत नाही, हे सगळ्या गल्लीला ठाऊक आहे. तरी एकानंही कप खाली ठेवला नाही. आता काय यांना हाताला धरून नेऊ? तेवढ्यात रस्त्यापलीकडून व्हायोलिनचा सूर आला. शिंप्यानं कढत चहा तसाच गिळला.

"अहो, हे तर खरंच!"

मग जी पळापळ झाली! सगळे एकदम दारात. "सरका", "अहो, पाय", खुर्च्यांची करकर. मी चौकटीला धरून उभी राहिले. आता बाई थांबणार, पेटी बंद करणार, आणि उद्या इथे टाइल्सची खोकी रचली जाणार. पण त्या थांबल्या नाहीत. त्यांचा गज होता तसाच चालत राहिला.

भाऊजी पहिल्या रांगेत बसलेले दिसले. तेवढीच एक रिकामी खुर्ची कमी दिसावी, म्हणून बसले असतील. एरवी ते दारात उभे राहून उशिरा येणाऱ्यांना जागा दाखवत.

कार्यक्रम संपल्यावर शिंपी माझ्यावरच घसरला. "आमचा पहिला तुकडा हुकला, वहिनी! आधी सांगायचं ना!"

"सांगितलं होतं."

"असं हळू सांगतात का कुणी?"

मी खुर्च्या सरळ करायला लागले.

बाई तारांवरची राळ पुसत होत्या. "पुढच्या शनिवारी याच वेळी ना?" त्यांनी सहज विचारलं. हे लगेच टाइल्सवाल्याला नकार कळवायला गेले, बाईंना नीट निरोपसुद्धा न देता.

हॉल रिकामा झाला तरी भाऊजी खुर्चीतून उठेनात.

"चला, भाऊजी. झालं ना सगळं नीट?"

"वहिनी, बाई डोळे मिटून वाजवतात."

"हो."

"आजच?"

"नेहमीच. पहिल्या सुरापासून शेवटपर्यंत."

"मी तेव्हा दारात असायचो," ते म्हणाले. रिकाम्या रांगांकडे बघत त्यांनी विचारलं, "मग खुर्च्या?"

"त्यांना दिसतच नाहीत हो."

यावर ते गप्प झाले. भाऊजी, आणि गप्प! जेवायला बसले तरी गप्पच. हे मला खुणा करू लागले, 'तूच विचार त्याला, तुझा आवाज मऊ आहे.' मी भाताचं पातेलं जरा आपटूनच खाली ठेवलं आणि "तो न्हाव्याचा भाग सांगा बघू," म्हणत भाऊजींच्या शेजारी जाऊन बसले.