फ्लेक्सवरची नियम

मी इंग्रजीत कच्ची नाही, हे आधीच सांगून ठेवते. बारावीला मला इंग्रजीत छप्पन्न मार्क होते, आणि आमच्या दुसरबीडच्या अंगणवाडीत ए बी सी डी मीच शिकवते. म्हणून पुढं जे झालं त्यात माझी चूक किती आणि त्या आयर्लंडवाल्यांची किती, ते तुम्हीच ठरवा.

माझा धाकटा भाऊ धम्मरत्न आणि त्याची बायको मनाली आयर्लंडात असतात. मनाली तिथल्या एका दवाखान्यात नर्स आहे, धम्मा गोदामात कामाला. सहा महिन्यांपूर्वी त्यांना मुलगी झाली. मला दोन्ही मुलगेच, त्यामुळे आबांना, म्हणजे आमच्या वडिलांना, ही पहिली नात. तिकडच्या कागदावर तिचं नाव कधीच लागलं होतं, पण धम्मानं ते इकडं कुणाला सांगितलं नव्हतं. म्हणाला, "नामकरन दुसरबीडलेच करू, ताई. आत्या तू हायेस, नाव तूच जाहीर करजो." आता अशा भावाचा राग तरी कसा करायचा.

आबांची अट एकच होती. "जे ठेवाचं ते ठेवा. फक्त मले घेता आलं पाह्यजे. नातीले हाक मारतानी जीभ अडकली, तं मी कायचा आजा?"

ही अट उगीच नव्हती. दर रविवारी संध्याकाळी पाचला आयर्लंडहून व्हिडिओ कॉल यायचा. माझं सासर गावातच, दोन गल्ल्या सोडून, म्हणून मी त्या वेळी आबांकडं जाऊन बसायची. आबा फोन हातभर लांब धरायचे, बाळाकडं बघायचे, "हं, बरं हाय ना? दूध पेली का?" म्हणायचे, आणि अर्ध्या मिनिटात, "घे समे, तू बोल." बाळ बाळ तरी किती वेळ म्हणणार माणूस. पंचेचाळीस वर्षं मिस्त्रीकाम केलं आबांनी. साइटवर प्रत्येक मजुराला नावानं हाक मारल्याशिवाय त्यांचा दिवस सुरू व्हायचा नाही. ज्याचं नाव माहीत नाही त्याच्याशी बोलायचं काय, हेच त्यांना उमजत नाही. फोन माझ्याकडं दिला की ते अंगणात जाऊन उगाच झाडाला पाणी घालत बसायचे, आणि मला ते बघवायचं नाही.

तर रविवारी नामकरण, शनिवारी दुपारी ही मंडळी येणार, आणि शुक्रवारी सकाळी धम्माचा मेसेज आला. "ताई, नाव हे. विमानात बसून राह्यलो. बाकी आल्यावर." आणि खाली मोठ्या अक्षरात: NIAMH.

मी वाचलं. एन, आय, ए, एम. नियम. शेवटचा एच मुका. जॉनमध्ये नाही का बसत तसाच, बिनकामाचा. धम्माला फोन लावला तर बंद. मग मी पुन्हा वाचलं, आणि खरं सांगते, मला भाऊ एकदम मोठा वाटला. आम्ही बौद्ध माणसं, आमचं पंचशील म्हणजे पाच नियमच की. एवढ्या लांब जाऊन पोरानं नाव ठेवलं तर काय ठेवलं, नियम. माझ्या डोळ्यात पाणी आलं, आणि तशाच ओल्या डोळ्यांनी मी बसस्टँडजवळच्या रंगरावांच्या फ्लेक्सच्या दुकानात गेले.

रंगरावांनी कागद वाचला आणि चष्मा वर केला. "ताई, पोरगी हाय ना?"

"हो."

"मंग नियम तं 'तो' असते. तो नियम. पोरीले कसं जमन?"

"आमच्यात जमते. तुम्ही छापा."

"एकदा इचारून घ्या ना भावाले."

"रंगराव, मले छप्पन्न मार्क होते," मी म्हणाले. कशात ते त्यांनी विचारलं नाही. दुपारपर्यंत दहा फुटांचा फ्लेक्स फाट्यावर लागला: 'चि. नियम हिचा नामकरण सोहळा', खाली गुलाबी फुलं, आणि कोपऱ्यात निमंत्रक म्हणून हात जोडलेली मी.

आबांना मी नाव सांगितलं तेव्हा ते दाढी करत होते. त्यांनी वस्तरा खाली ठेवला. "नियम," म्हणाले. मग आरशात बघून परत, "नियम. नियम. हे तं मले जमते, समे."

त्यानंतर आबा घरात थांबेनात. चहाच्या टपरीवर गेले, विहाराकडं गेले, फाट्यावर जाऊन फ्लेक्स बघून आले, परत गेले. ज्याला त्याला सांगत सुटले की माह्या नातीचं नाव नियम. त्यांचे जुने दोस्त उकंडराव म्हणाले, "मिस्त्री, म्हंजे आता तुमाले नियमानं चालनं आलं," आणि हा विनोद आबांनी घरी येऊन मला तीनदा सांगितला. मी एवढं खूश आबांना आई गेल्यापासून पाहिलं नव्हतं.

शनिवारी तीनच्या सुमारास गाडी समृद्धी महामार्गावरून उतरली आणि फाट्यावरून घरी आली. आबा तेव्हा पेढे आणायला गेले होते. धम्मा गाडीतून उतरला, ना जय भीम ना पाया पडणं.

"ताई, थो फ्लेक्स कायचा हाय?"

"नावाचा."

"कोनाच्या नावाचा?"

"तुह्या पोरीच्या. काऊन?"

धम्मा ओट्यावर बसला आणि हसायला लागला. असा हसला की त्याला ठसका लागला. मनाली बाळाला घेऊन उभी होती, ओठ घट्ट दाबून. मला कळेना की यांना विमानात काही खायला घातलं की काय.

"ताई," धम्मा डोळे पुसत म्हणाला, "थे नियम नाई. नीव म्हनतात त्याले. नीव."

"नीव? मंग एम कुठं गेला?"

"एम आन् एच जवळ आले का आयरिशमधी त्यायचा व होते."

"मंग सरळ व्ही लिहाचा ना."

"त्यायच्या जुन्या मुळाक्षरात व्हीच नोहता, ताई."

घ्या. यांच्या मुळाक्षरात व्ही नाही, आणि त्याची शिक्षा दुसरबीडच्या फाट्यावर दहा फुटांची मला. मी एवढी तापले की बाळाला घ्यायचंही विसरले. मनालीनंच पुढं येऊन तिला माझ्या हातात दिलं. सहा महिन्यांची गरम, जड पोर. तिनं माझ्या नाकाला हात लावला, आणि माझा अर्धा राग तिथंच गेला.

"ताई, अर्थ लई चांगला हाये," मनाली म्हणाली. ती धामणगाव बढेची, बोलते हळू, पण बोलायला लागली की थांबत नाही. "नीव म्हंजे तेज, उजेड. इंग्रजी तिकडं पोचायच्या कितीतरी आधीची भाषा हाये ती, केल्टिक लोकायची. त्यायच्या जुन्या गोष्टीत या नावाची एक राजकन्या हाये. पांढऱ्या घोड्यावर बसून समुद्रावरून येते, पाण्यात बुडत नाही. तिकडं लहान पोरायले बी ठाऊक राह्यते ती."

"असू दे राजकन्या. तुले काऊन ठेवावं वाटलं?"

मनालीनं खाली पाहिलं. "माह्या वार्डात एक मोठी सिस्टर हाये, नीव नावाची. मी पोटुशी असतानी तिकडं माह्याजवळ ना आई, ना तुम्ही. ती रोज डब्यात सूप आनायची. बाळंतपनाले तिची सुट्टी होती, तरी तेरा घंटे माह्या उशाशी बसली. धम्मायचा हात सुटला, तिचा नाही सुटला."

"मले चक्कर आल्ती," धम्मा म्हणाला.

पण आबा डोळ्यापुढून हलेनात. आरशासमोर नियम नियम म्हणणारे आबा. सहा महिन्यांनी त्यांच्या जिभेवर नातीचं नाव बसलं होतं, आणि ते मी चुकीचं बसवलं होतं. आता जाऊन म्हणायचं की आबा, थुंका ते, हे दुसरं घ्या? माझ्याच्यानं होणार नव्हतं.

"असं करू," मी म्हणाले, "तिकडं नीव, इकडं नियम. आबाले सांगूच नोका."

मनाली लगेच म्हणाली, "चालंन ताई. आबाले जे घेता येईन ते." म्हणाली, पण तिचे डोळे भरले, आणि मला माझीच लाज वाटली. तेरा तास हात धरलेल्या बाईचं नाव मी एका फ्लेक्सपायी पुसायला निघाले होते.

धम्मा मात्र मिशीत हसत होता. "ताई, तू फक्त आबासमोर थे नाव एकदा नीट म्हन. बस. मंग पाहू."

मला त्याच्या दोन ठेवून द्याव्या वाटल्या. बहीण इथं मेल्याहून मेली, आणि याला गंमत सुचते.

तेवढ्यात आबा आले. पेढ्याचा पुडा खुंटीला अडकवला, हात धुतले, सदऱ्याला पुसले आणि बाळाला घेतलं. मिस्त्रीचे हात ते, चुन्या-सिमेंटनं फुटलेले. बाळाला खरबरीत लागेल म्हणून त्यांनी तिला मनगटांवर पेललं. "नियम," ते म्हणाले. "ए नियम. पाह्य इकडं, आजा हाय मी तुहा."

मी डोळे मिटून बोलले. "आबा, थांबा. मी चुकली. तिचं नाव नियम नाई."

आबांचा चेहरा असा उतरला की काय सांगू. त्यांनी बाळाकडं पाहिलं, धम्माकडं पाहिलं, आणि अगदी हळू विचारलं, "मंग? अवघड हाय का?"

"आयरिश हाय, आबा."

"म्हन पाहू."

"नीव."

आबा ओट्यावर टेकले, बाळासकट. मला वाटलं, झालं, अडकली जीभ.

"परत म्हन."

"नीव."

"कोनती नीव?" आबा म्हणाले. "आपली? आपून खोदतो थे?"

"हाव आबा," धम्मा त्यांच्यापुढं उकिडवा बसला. "उच्चार तोच. बोटभर फरक नाई. मनालीनं तिच्या सिस्टरसाठी निवडलं. मी तुमच्यासाठी हो म्हनलं."

मग माझ्या डोक्यात उजेड पडला. घराच्या नीवेला सगळं गाव पाया म्हणतं. अंगणवाडीच्या बांधकामाच्या कागदातही पायाच असतो. पण आबा काम शिकले ते रहीम उस्तादांच्या हाताखाली, आणि कामाचे सगळे शब्द त्यांनी उस्तादांचे उचलले. पाया म्हटलेलं आबांना चालायचंच नाही. मी लहानपणी डबा घेऊन साइटवर जायची तेव्हा चर दाखवून सांगायचे, ही नीव, हिच्यात पाय नोको टाकू. मी साफ विसरले होते. धम्मा सुट्टीत त्यांच्या हाताखाली घमेली उचलायचा, त्याच्या ते लक्षात राहिलं.

"उस्ताद म्हनत," आबा म्हणाले, "नीव कोनाले दिसत नाई, पन सारं घर तिच्यावर असते. आन् त्यायच्यात काय अर्थ हाय म्हनता?"

"उजेड," मनाली म्हणाली.

"पाह्य बरं. आपल्या इकडं जमिनीच्या पोटात, तिकडं उजेड." आबा हसले, आणि डोळ्यातून पाणी येत होतं ते त्यांनी पुसलंही नाही. मनालीनं त्यांना राजकन्येची गोष्ट सांगितली. "समुद्रावरून घोडा?" आबा म्हणाले. "म्हंजे इमानच की. बरोबर हाय. तसंच आनलं तुमी तिले."

रंगराव म्हणाले, रात्रीतून नवा छापून देतो. आबांनी नको म्हटलं. पांढऱ्या नि लाल रंगाचे डबे घेऊन, लुंगी खोचून, ते स्वतः शिडीवर चढले. दोरी ताणून ओळ घेतली, नियम पुसलं, आणि वर लाल रंगात लिहिलं: नीव. वेलांटी दीर्घ काढली, चांगली लांब. खाली उभे राहून उकंडराव म्हणाले, "मिस्त्री, नियम मोडला का?" आबा शिडीवरून म्हणाले, "मोडला नाई. त्याच्या खालची नीव भरून राह्यलो."

रविवारी विहारात वंदना झाली, बाळाला पाळण्यात घातलं, आणि मी तिच्या कानात कुर्रर्र करून नाव सांगितलं. आत्याच्या पाठीत बायकांनी बुक्क्या घालायची रीतच आहे, पण या वेळी फ्लेक्सचा हिशेब त्यातच चुकता झाला. दोन दिवस मला पाठ टेकवेना.

तीन आठवड्यांनी ते परत गेले. त्याच्या पुढच्या रविवारी मी पाचला आबांकडं पोचले. आबा आधीच आंघोळ करून खुर्चीत बसले होते, फोन मांडीवर. घंटी वाजली तसा मी हात पुढं केला, सवयीनं.

"थांब," आबा म्हणाले. त्यांनी फोन उचलला, हातभर लांब धरला, आणि तिसऱ्या मजल्यावरच्या गड्याला मारावी तशी हाक मारली, "नीव. ओ नीव. कुठं हायेस व माय?" तिकडून बाळाचा चिरका आवाज आला. मग आबा तिला सांगायला लागले. घराच्या मागची भिंत फुगली आहे, उकंडरावांचं नवं न्हाणीघर वाकडं झालं आहे, आणि उस्ताद असते तर काय म्हणाले असते.

अंगणातल्या झाडाला मीच पाणी घातलं. फोन काही माझ्याकडं आला नाही.