कॉलरचा माइक

"माझं नाक खरंच एवढं मोठं आहे का गं? का हिनं मुद्दाम खालून घेतलंय?" सासूबाई सुनेच्या कानाशी पुटपुटल्या.

फिल्मवालीनं जेवणाच्या टेबलावर लॅपटॉप मांडला होता. लोकांना दाखवण्याआधी घरच्यांनी पाहावं, नको ते काढायला सांगावं, अशी तिची पद्धत. दोन वर्षांपूर्वी शिवणकारखान्याच्या आगीत धाकटा दीर गेला, त्यावरचा हा माहितीपट. त्यात सासू, सून आणि तिचा नवरा, ही तिघं जशी आहेत तशीच.

पडद्यावर सून इस्त्री करत होती. शेजारी नवरा, त्याच कारखान्याचा रखवालदार, "शॉर्ट सर्किट" असं चौथ्यांदा सांगत होता. 'नेहमीसारखे वागा' म्हटल्यावर गडी चक्क कपड्यांच्या घड्या घालायला बसला होता.

"एरवी स्वतःचा रुमाल उचलत नाही मेला," सासूबाई म्हणाल्या. फिल्मवाली हसली. नवरा नाही हसला.

त्या दिवशी कॅमेरा बंद झाल्यावर सुनेनं न्हाणीघरात नळ सोडून त्याला विचारलं होतं, "मागच्या दाराचं आईंना कधी सांगणार?" तो म्हणाला होता, "मालकानं सांगितलं, मी कुलूप लावलं. आत आपला धाकटा आहे हे मला काय माहीत!" बाहेर येऊन पाहते तर त्याच्या कॉलरला माइक तसाच, तिळाएवढा दिवा जळतोय. फिल्मवालीला पुसून टाका म्हणावं, तर काय पुसायचं तेही सांगावं लागलं असतं. आईंना कळलं तर हे घर घर राहायचं नाही, एवढं मात्र दोघांना पक्कं ठाऊक होतं.

पडदा काळा झाला. नळाची धार ऐकू आली. फिल्मवालीनं बोट ठेवून थांबवलं.

"इथून पुढे नुसता आवाज आहे," ती खाली बघत म्हणाली. "ठेवायचा की काढायचा, तुम्ही सांगा."

"काढा की," नवरा घाईघाईनं म्हणाला. "नळ काय ऐकायचा?"

सासूबाईंनी चष्मा सारखा केला. एकदा मुलाकडे पाहिलं, एकदा सुनेकडे.

"कुठलं बटण गं?" म्हणत त्यांनी हात पुढे केला.

नवऱ्यानं तो हात मधेच धरला.

"यातून नको ऐकूस, आई. दाराला कुलूप मी लावलं होतं."