शपथ घेतलेलं गाढव

मी एक गाढव बोलतोय. दचकू नका, मोज्याचं गाढव आहे. आत हात घातला की माझं तोंड उघडतं, हात काढला की मी मुकाट पडून राहतो. आज आत कुणाचाही हात नाही, तरी बोलतोय, कारण त्या दिवशी जे पाहिलं त्याने माझी शिवण न शिवण हादरली आणि ती अजून थाऱ्यावर आलेली नाही.

माझा जन्म स्वयंपाकघरातल्या टेबलावरचा. जिने मला शिवलं तिला मुलं ताई म्हणत. सरकारी शाळेच्या बालवर्गात ती तात्पुरती शिक्षिका होती. कायम व्हायचं तर परवाना हवा, आणि परवान्यासाठी परीक्षक बाईंसमोर एक पाठ घेऊन दाखवायचा. बाकीच्या परीक्षा ती पास झाली होती, हा पाठच तेवढा उरला होता. यंदा तो पार पडला नाही तर तिच्या जागी परवानावाली दुसरी येणार, असं शाळेने तिला स्पष्ट सांगितलं होतं.

म्हणून तिने नवऱ्याचा करडा मोजा पळवला, त्याला बटणांचे डोळे लावले आणि जुन्या पँटच्या खिशातून दोन लांबलचक कान कापून शिवले.

"अगं, आता दुसऱ्या पायात काय घालू?" नवरा म्हणाला.

"परवाना मिळू दे, डझनभर घेऊन देते."

पाठाचं नाव होतं कानगोष्ट. लाजरीबुजरी मुलं बोलती व्हावीत म्हणून एकेकाने यायचं, माझ्या कानात आपलं गुपित सांगायचं आणि मी मान डोलावून म्हणायचं, "कुणाला नाही सांगणार, शप्पथ!"

सराव घरीच झाला. सासूबाई चार वर्षांच्या झाल्या, नवरा पाच वर्षांचा. सासूबाई माझ्या कानात म्हणाल्या, "डब्यातली बिस्किटं मीच संपवली." नवऱ्याने खोडरबर गिळल्याचं कबूल केलं. हसता हसता सगळ्यांची पुरेवाट झाली. प्रशिक्षण वर्गातल्या मैत्रिणींपुढेही हाच प्रयोग झाला, आणि तिथल्या मॅडम म्हणाल्या, "झकास!"

मोठी माणसं लहान व्हायला बसली की त्यांची गुपितं गोडच असतात हो. खरंखुरं मूल काय सांगेल, हे एवढ्या शिकल्यासवरल्या मंडळींपैकी एकाच्याही डोक्यात येऊ नये? आणि गाढव म्हणे मी.

पाठाच्या दिवशी परीक्षक बाई वर्गात मागे, मुलांच्या बुटक्या खुर्चीत गुडघे पोटाशी घेऊन बसल्या. सुरुवात मस्त झाली. एकाने सांगितलं, "माझ्या बुटात वाळू आहे." दुसरी म्हणाली, "मला बाबांपेक्षा शेजारचा कुत्रा आवडतो." मी शपथा घेत होतो. परीक्षक बाई गालातल्या गालात हसत काहीतरी टिपून घेत होत्या.

मग भिंगरी आली. एका जागी बसेल तर शपथ, म्हणून तिचं हे नाव. त्या दिवशी मात्र ती पाय ओढत आली. तिने माझा कान दोन्ही मुठींत धरला.

"बाळ घरी एकटंच आहे. आई कुलूप लावून कामाला गेली. ते रडत होतं. आई म्हणाली, कुणाला सांगायचं नाही."

ताईचं वाक्य घोटून घोटून तयार होतं. हात आपसूक हलला, माझी मान डोलली आणि माझ्या तोंडून निघून गेलं, "कुणाला नाही सांगणार, शप्पथ!"

लगेच माझ्या आतली तिची बोटं गार पडली. मोज्यातून मला तो गारठा कळला. मी आ वासून तसाच राहिलो, कारण माझं तोंड मिटायचं त्राण तिच्या बोटांत उरलं नव्हतं.

"बाळाला चालता येतं का गं?" ताईने स्वतःच्या आवाजात विचारलं.

"नाही. नुसतं बसता येतं."

ताई ताडकन उठली. "बाई, मुलांजवळ बसा. मला जावं लागेल."

"अहो, पाठ मध्येच सोडला तर रद्द होतो. माहीत आहे ना तुम्हाला?"

"हिच्या घरी बाळ एकटं आहे. बाहेरून कुलूप आहे."

परीक्षक बाईंच्या हातातलं पेन गळून पडलं. ताईने मला त्यांच्या हातात कोंबलं आणि ती मुख्याध्यापिकांच्या खोलीकडे धावत सुटली.

अख्खा वर्ग माझ्याकडे बघत होता. अडला हरी गाढवाचे पाय धरी म्हणतात, मला तर पायही नाहीत. बाईंनी माझ्यात हात घातला.

"तू शप्पथ घेतली होतीस," भिंगरी मला म्हणाली.

मग परीक्षक बाईंचा घोगरा आवाज माझ्या तोंडातून आला, "चुकलं. असली शप्पथ मी घ्यायला नको होती."

"आता आई रागावेल."

"हो. रागावेल."

खोटा धीर त्यांना देववला नाही. भिंगरीने फाडकन माझ्या तोंडात मारली.

भिंगरीचं घर शाळेच्या मागच्याच गल्लीत होतं. शेजाऱ्यांनी कुलूप फोडलं. बाळ घसरून पलंग आणि भिंतीमधल्या फटीत उलटं अडकलं होतं. रडून रडून त्याचा आवाज गेला होता, नुसती घरघर ऐकू येत होती. वाचलं बिचारं!

आई आली ती कामावरची टोपी डोक्यावर तशीच ठेवून. "झोपवून गेले होते हो," ती पुन्हा पुन्हा म्हणत होती. "सांभाळणारी येईना, आणि खाडा केला तर काम जातं." मग ती फरशीवरच बसली आणि ताई तिच्याशेजारी बसली. मुख्याध्यापिकांनी दुसऱ्याच दिवशी बाळाला पाळणाघरात जागा मिळवून दिली.

पाठ मात्र रद्द झाला. मला वाटलं, एवढं घडल्यावर तरी परीक्षक बाई नियम वाकवतील. छे! त्या ताईला म्हणाल्या, "झालाच नाही त्या पाठाला मार्क कसे देऊ? पण एक सांगते. त्या शपथेपुढे मी 'उत्तम' लिहून बसले होते."

ताईची जागा गेली. जाताना ती मला भिंगरीला देऊ लागली, तर तिने तोंड फिरवलं. शेवटी तिच्या आईने मला घेतलं, आणि तेव्हापासून मी बाळाच्या तोंडात. दात येत होते त्याला, माझ्या कानांचा पार भुगा केला.

मोठ्यांनो, हात जोडायला मला हात नाहीत, तरी विनवतो. मुलाला गुपित पोटात ठेवायचं वचन देऊ नका, आणि आमच्यासारख्या मुक्या जिवांच्या तोंडून तर मुळीच देऊ नका. पुढे काय ऐकावं लागेल, हे तुम्हाला ठाऊक नसतं.

आज ताई भिंगरीच्या घरी आली. उद्या दुसऱ्या शाळेत तिचा पुन्हा पाठ आहे. "गाढव उसनं देतेस?" तिने भिंगरीला विचारलं.

"ते शप्पथ मोडतं."

"म्हणूनच नेतेय. उद्या ते सुरुवातीलाच सगळ्यांना सांगणार आहे, कुणाला काही त्रास असेल तर मी ताईला सांगणार म्हणजे सांगणार."

भिंगरीने जरा विचार केला. मग बाळाच्या तोंडातून मला ओढून काढलं आणि माझा ओला कान फ्रॉकला पुसून मला ताईच्या हातात दिलं.

बाळाने असं भोकाड पसरलं की वरच्या मजल्यावरचे लोक खाली डोकावले. आईने त्याला उचललंच नाही लगेच. दारात उभी राहून, त्या दिवशी गेलेला तो आवाज ती ऐकत राहिली.