बोग्नाच्या गाण्याची टेप

मी एक जुना टेपरेकॉर्डर आहे. मित्रांनो, माझ्याकडून एक आवाज पुसला गेला. तो सल घेऊन मी या तळघरात पडून आहे.

माझा जन्म वॉर्सातल्या कारखान्यातला, पण आयुष्य गेलं पोलंडमधल्याच वुच शहरात, झेमोवितच्या हाताखाली. तो गिटार वाजवायचा, बोग्ना गायची. भिंतींना अंड्यांचे पुठ्ठे चिकटवून त्यांचा रॉक बँड इथेच धुमाकूळ घालायचा. "झेमो, वाढव की आवाज! वरच्या काकूंनी अजून झाडूसुद्धा आपटला नाही," असं बोग्ना ओरडायची. मला तिचं भारी कौतुक होतं.

त्या काळी गाण्याचे शब्द सरकारी कचेरीत दाखवून मंजुरीचा शिक्का आणावा लागे. बोग्नाच्या लाडक्या गाण्याला तो मिळाला नाही. ते फक्त माझ्या एका टेपवर राहिलं, आणि कुणाला सापडू नये म्हणून टेपच्या खोक्यावर नावही लिहिलं नाही. त्याच हिवाळ्यात न्यूमोनियाने बोग्ना गेली.

झेमोवितने बँड मोडला आणि तो सिनेमांना संगीत देऊ लागला. "बिनशब्दांच्या सुरांना कोण अडवणार?" म्हणायचा. नव्या टेपची मारामार, म्हणून सगळेच जुन्या टेपवर पुन्हा ध्वनिमुद्रण करत. एकदा दिग्दर्शकाने फारच घाई लावली. झेमोवितने हाताला लागली ती बिननावाची टेप चढवली आणि ध्वनिमुद्रणाचं लाल बटण दाबलं. मी ती टेप ओळखली होती. पण माझं काम सांगितलं तेवढंच करायचं.

त्या संगीताला बक्षीस मिळालं. लोकांनी झेमोवितला डोक्यावर घेतलं.

नोव्हेंबरात, थडग्यांवर मेणबत्त्या लावायच्या दिवशी, बोग्नाची आई आली. "एकदाच ऐकव रे पोरा. तिचा आवाज विसरायला लागलेय मी."

झेमोवितने बिननावाच्या खोक्यातली टेप काढून लावली. सिनेमाचं संगीत सुरू झालं. तो पांढराफटक पडला. "काकू, मी... माझ्याच हातांनी..."

ती उठली नाही. संगीत संपलं, टेप फिरतच राहिली, आणि अगदी शेवटी, पुसायच्या राहिलेल्या तुकड्यात, बोग्ना हसली. "थांबव रे, चुकले मी!" एवढंच.

"पुन्हा लाव," आई म्हणाली.

तेव्हापासून दरवर्षी मेणबत्त्या लावून झाल्या की ती येते. यंदा माझा रबरी पट्टा तुटलाय आणि नोव्हेंबर तोंडावर आलाय. मित्रांनो, जमलं तर मला एक पट्टा बसवा. आणि तुमच्या घरी कधी लाल बटण दाबायची वेळ आली, तर आधी आत कोण आहे ते ऐकून घ्या.