माझ्या सुरांखाली गेलेला आवाज

मी एक जुना पियानो आहे आणि माझ्या नऊ पट्ट्या आता मुक्या झाल्या आहेत. पण मित्रांनो, नवा होतो तेव्हा माझा तोरा काही विचारू नका! एका म्हाताऱ्या सुताराने माझी पेटी घडवली, त्याच्या मुलीने तारा ताणल्या. चार हमालांनी मला शिव्या घालत तिसऱ्या मजल्यावर चढवले, तेही मला माझे कौतुकच वाटले.

माझे मालक माहितीपटांना संगीत देत. खोलीत एक पडदा, एक खुर्ची आणि मी. त्यांची एक रीत होती. चित्रफीत लावली की आधी तिचा आवाज बंद करायचा. "नुसते चेहरे बघायचे. माणसं बोलायला लागली की कान फितूर होतात," असे ते सांगत. लोक या रीतीची वाहवा करत आणि फुशारून मी जाई.

एकदा एका खाणीवरचा माहितीपट आला. त्यात एक तरुण कामगार फाटकाशी उभा होता. काखेत डबा धरून, कॅमेऱ्याकडे बघत, हसत हसत तो काहीतरी बोलत होता. जेमतेम बारा सेकंद. हे चित्रण झाले आणि चौथ्या दिवशी खाण कोसळली. तो वर आलाच नाही.

त्या बारा सेकंदांसाठी मालकांनी माझ्यात जीव ओतला. ऐकताना दिग्दर्शिकेचे डोळे भरून आले. "इथे नुसता पियानो ठेवू या. त्याचं बोलणं काढूनच टाकते," ती म्हणाली. मालकांनी मान डोलावली. तो काय बोलतो आहे, हे त्यांनी तेव्हाही ऐकले नाही. पुढे माहितीपटाला बक्षीस मिळाले आणि त्या धुनेचे फार कौतुक झाले.

काही महिन्यांनी एका दुपारी त्या कामगाराची आई तीन जिने चढून आली. बसली, पदराने घाम पुसला.

"फोटो आहेत हो घरात त्याचे. आवाज तेवढा कुठेच नाही. सिनेमात तो बोलतोय, पण तुमचं वाजवणं मध्ये येतं. ते जरा बाजूला करा ना, खालचं ऐकू येईल."

मालकांनी घाईघाईने दिग्दर्शिकेला फोन लावला. मूळ टेप पुसून तिच्यावर दुसरे चित्रण झाले होते. हे त्यांनी त्या माउलीला सांगितले.

तिने पदर सावरला. मग म्हणाली, "बरं, तो काय म्हणत होता तेवढं तरी सांगा. तुम्ही तर इतक्यांदा बघितलंय त्याला."

मालकांनी ते एकदाही ऐकले नव्हते. ती गेली आणि त्यांनी माझे झाकण लावले, ते पुन्हा उघडलेच नाही. आता मी एका गोदामात आहे. माझ्या हातोड्यांवरच्या लोकरीला कसर लागली आहे.

मला पुसा, दुरुस्त करा, असे मी कोणत्या तोंडाने म्हणू? एवढेच मागतो, कोणी बोलत असेल तर आधी त्याचे ऐका. मला थांबता आले असते, मित्रांनो. बारा सेकंदच तर होते.